(४ × १०^५) × (६ × १०^३) चं उत्तर २४ × १०^१५ का येत नाही?

तुमची मुलगी आठवीत, मराठी माध्यमात आहे. वरच्या गणिताचं उत्तर ती २४ × १०^१५ लिहिते आणि म्हणते, "गुणाकार आहे ना, मग सगळंच गुणायचं." तिला पटेल असं कसं सांगायचं, हा तुमचा प्रश्न.

मी कर्नाटकात, बेळगाव जिल्ह्यातल्या खानापुरात गणिताच्या शिकवण्या घेते. ही चूक दरवर्षी कुठल्या ना कुठल्या वहीत असतेच. (१०^५ म्हणजे दहाचा पाचवा घात. मोबाईलवर घातांक वर चढवता येत नाही, म्हणून असं लिहितेय.)

नियम पाठ करायला लावू नका. आधी विचारा, शंभर हजार म्हणजे किती? लाख, हे ती लगेच सांगेल. शंभरावर दोन शून्यं, हजारावर तीन, लाखावर पाच. शून्यं एकापुढे एक येऊन बसली, म्हणून दोन अधिक तीन. दोन गुणिले तीन असतं तर सहा शून्यं आली असती, म्हणजे शंभर हजारांचे दहा लाख! घातांक ही त्या शून्यांचीच मोजणी आहे. म्हणून ४ आणि ६ गुणायचे, पण ५ आणि ३ मिळवायचे: २४ × १०^८.

अजून काम संपलं नाही. संख्या लिहिण्याच्या शास्त्रीय पद्धतीत दहाच्या घाताआधीचा आकडा १ ते १० मध्ये हवा, १ चालतो, १० चालत नाही. २४ म्हणजे २.४ × १०. हा सुटा दहा घातांकात जमा होतो आणि उत्तर येतं २.४ × १०^९. इथे पुष्कळ मुलं दशांश चिन्ह डावीकडे नेलं म्हणून घातांकही एकाने कमी करतात. त्यांना मी सांगते, आकडा दहापट लहान केलास ना, मग ती दहापट दुसरीकडे भरून दे.

आपल्याकडे पावसाळ्यात पेपर उघडला की टीएमसी दिसतो. एक टीएमसी म्हणजे अब्ज घनफूट, १०^९. हिडकल धरणाची क्षमता सुमारे ५१ टीएमसी, म्हणजे ५.१ × १०^१० घनफूट. एका घनफुटात २८.३ लिटर, म्हणजे २.८३ × १०^१. गुणाकार १४.४ × १०^११, नीट लिहिला तर १.४४ × १०^१२ लिटर. लाखावर पाच शून्यं, कोटीवर सात, म्हणून १०^१२ म्हणजे लाख कोटी. कन्नडमध्येही लक्ष आणि कोटीच म्हणतात, त्यामुळे वर्गात कोणालाच हे परकं वाटत नाही.

ऋण घातांकाला मुलं उगीच घाबरतात. तांदळाचा दाणा २० मिलिग्रॅमचा धरा, म्हणजे २ × १०^-५ किलो. असे पन्नास लाख दाणे, ५ × १०^६. दोन पाचे दहा, आणि ६ मधून ५ गेले, १ उरला: १० × १०^१, म्हणजे १ × १०^२. शंभर किलो, पन्नास किलोची दोन पोती.

मी एवढा वेळ यावर घालवते कारण आमची मुलं दहावीनंतर पीयूसी (म्हणजे अकरावी-बारावी) सायन्सला जातात आणि एकदम सगळं इंग्रजीत येतं. त्या वेळी भाषेशी झगडायचं असतं, निदान शून्यांशी तरी झगडावं लागू नये.

आता आलमट्टी धरणाच्या १२३ टीएमसीचे लिटर तिला एकटीला करू द्या. उत्तर सुमारे ३.४८ × १०^१२ लिटर यायला हवं. इथे आकडा दहाच्या आतच राहतो, तरी सवयीने ती घातांक वाढवते का, तेवढं बघा.