मासेमारीची हद्द २०० सागरी मैल केल्यामुळे किनाऱ्याच्या देशांचा खरंच फायदा झाला का? कायद्यात काय बदललं?

तुमच्या प्रश्नाखाली तुम्ही एक ओळ टाकलीय, 'बाहेरच्या बोटी हाकलल्या म्हणजे मासा आपोआप वाचला ना?' त्या ओळीमुळे लिहायला बसलो. नाही वाचत. मी सोलापुरात राहतो, पण आम्ही मूळ उजनीच्या काठचे भोई, आणि पाण्यात हद्द पडल्यावर काय होतं ते मी घरात बघितलंय.

मी अकरावीला असताना आमच्या भागात रात्रीच्या बाहेरगावच्या होड्या यायला लागल्या. आमचे चुलते, तात्या, मच्छीमारांच्या संस्थेत पुढं असायचे. दोन वर्षं अर्ज, मोर्चे, पाण्यात मारामाऱ्या, एकदा तर तात्यांचं डोकं फुटलं आणि टाके घालून ते तसेच मीटिंगला गेले. शेवटी ठरलं, बुडालेल्या वडाच्या खोडापासून अलीकडचं पाणी आमचं. गावात गुलाल उधळला. आमचे अण्णा, म्हणजे माझे वडील, ते पण नाचले त्या दिवशी, हे मी मुद्दाम सांगतोय कारण नंतर लोक म्हणायला लागले की ह्यांना पहिल्यापासून तात्यांचं बघवत नव्हतं.

मग पुढच्या उन्हाळ्यात तात्यांनी एक व्यापारी आणला. त्याने प्रत्येक घराला उचल दिली, इंजिनं दिली, जाळी दिली, अट एकच, मासा त्यालाच घालायचा आणि भाव त्याचा. जाळी इतकी बारीक की करंगळी जाईना. अण्णांचं म्हणणं साधं होतं, ज्या जाळ्यातून चार बोटं सहज जातात तेच वापरायचं, पिल्लू निसटलं तर पुढच्या वर्षी तेच परत येतंय. त्यावरून भर बैठकीत तात्या त्यांना म्हणाले, "बाहेरचे नेत होते तेव्हा गप होतास, आता घरचे नेतात तर पोटात दुखतंय का?" अण्णा उठून घरी आले आणि दोन दिवस जेवले नाहीत. चार वर्षांत तळहाताएवढी चिलापी बोटाएवढी झाली, किलोवर विकायची ती वाळवून पोत्याने विकायला लागले, आणि उचल मात्र फिटली नाही कुणाची. आमच्या घरातून मी सोलापूरला आलो, दोन चुलतभाऊ पुण्याला गेले.

आता कॅनडाचं बघा, कारण हुबेहूब हेच तिथं देशाच्या पातळीवर झालंय. न्यूफाउंडलंडच्या समोर ग्रँड बँक्स म्हणून कॉड माशाचं मोठं ठिकाण, १९६८ साली तिथल्या उत्तरेकडच्या कॉडची पकड ८ लाख टनांच्या आसपास गेली होती, त्यातला मोठा वाटा युरोपातून आलेल्या मोठ्या ट्रॉलरांचा, म्हणजे प्रचंड जाळं ओढत नेणाऱ्या बोटींचा. १९७७ ला कॅनडाने २०० मैल जाहीर केले, परदेशी ट्रॉलर बाहेर. पण रिकामी झालेली जागा त्यांनी माशाला दिली नाही, स्वतःचे ट्रॉलर आणि कारखाने वाढवले, मासा किती उरलाय त्याचा सरकारी अंदाज पण जास्त धरला. जुलै १९९२ मध्ये कॉडची मासेमारीच बंद करावी लागली आणि ३० हजारांवर लोकांचं काम गेलं. परदेशी गेल्यावर पंधरा वर्षांत! म्हणून म्हणतो, हद्दीने फक्त मालक ठरतो, मालक कसा वागणार ते ठरत नाही.

उलट आइसलँड. १९५८ ला १२ मैल, १९७२ ला ५०, १९७५ ला २००, दर वेळी ब्रिटनशी भांडण, ब्रिटिश नौदल ट्रॉलरांच्या राखणीला आणि आइसलँडच्या गस्ती बोटी येऊन जाळ्यांचे दोरच कापायच्या. १९७४ ला आंतरराष्ट्रीय न्यायालयाने सांगितलं की ५० मैल तुम्ही ब्रिटनवर एकतर्फी लादू शकत नाही, आइसलँड त्या कोर्टात गेलाच नव्हता, आणि दोन वर्षांत ब्रिटनलाच २०० मैल मान्य करावे लागले. हल, ग्रिम्सबी ह्या ब्रिटनच्या मासळीच्या बंदरांचा धंदा त्यात बुडाला. आइसलँडने नंतर कुणी किती मासा धरायचा त्याचा कोटा लावून मासा टिकवला, पण तो कोटा विकता येत असल्यामुळे थोड्या कंपन्यांकडे गोळा झाला. म्हणजे तिथं पण लहान माणूस सुटला नाही.

कायद्याचं थोडक्यात. १९८२ चा समुद्र कायद्याचा करार, लागू झाला १९९४ ला. २०० मैल म्हणजे ३७० किलोमीटर, सोलापुरातून निघालात तर पनवेलच्या आसपास पोचाल एवढं. त्यातल्या माशावर हक्क तुमचा, पण ते पाणी तुमच्या जमिनीसारखं नाही, दुसऱ्याचं जहाज त्यातून जाऊ शकतं. तुम्हाला झेपत नाही तेवढा जादा मासा दुसऱ्या देशांना करार करून द्यायचा, असंही त्यात आहे. आणि ह्या पट्ट्यात नुसती मासेमारीची चूक केली म्हणून परदेशी खलाशाला जेलात टाकता येत नाही, दोन देशांचा तसा करार असल्याशिवाय. तरी गुजरातचे, पालघरचे खलाशी पाकिस्तानात वर्षानुवर्षं अडकून पडतात, त्यांच्या बायकांना हे कलम दाखवून काय उपयोग.

आपल्याकडे १९७६ चा कायदा, पट्टा लागू झाला १५ जानेवारी १९७७ पासून. पहिल्या १२ मैलांतली मासेमारी राज्याकडे, पुढची केंद्राकडे. आणि मग १९९१ नंतर केंद्राने काय केलं, ह्याच पुढच्या पाण्यात परदेशी कंपन्यांसोबत भागीदारीतल्या मोठ्या बोटींना परवाने दिले! देशभरचे मच्छीमार रस्त्यावर उतरले तेव्हा मुरारी समिती नेमली आणि १९९६ ला समितीने परवाने रद्द करा म्हणून सांगितलं. हद्द आपली करून घ्यायची आणि मग व्यापारी आणून बसवायचा, आमच्या तात्यांचंच काम की हे.

परवाने विकणं वाईटच असं मात्र नाही. किरिबातीसारख्या बेटांच्या देशाला जमीन मूठभर आणि समुद्र अफाट, तिथं परदेशी ट्यूना बोटींच्या फीवरच सरकारची निम्म्याहून जास्त कमाई चालते. हद्द नसती तर तो मासा फुकट गेला असता. पण परदेशी बोटींनी किती दिवस मासा धरायचा, हे तिथले बेटांचे देश मिळून ठरवतात. आमच्या बैठकीत अण्णा अशीच काहीतरी मर्यादा मागत होते.

म्हणून तुमच्या गावात, तालुक्यात कुणी 'आपलं पाणी आपल्याला' म्हणत आला तर त्याला साथ द्या, पण त्याच बैठकीत जाळ्याचं माप लिहून घ्या, गुलाल उधळायच्या आधी. नंतर कोण ऐकत नाही.

तात्यांच्या बाजूचं पण लिहितो. ग्रँड बँक्सचा थोडा भाग २०० मैलांच्या बाहेर उरतो, तिथं परदेशी बोटी मारतच राहिल्या. १९९५ ला कॅनडाने स्पेनची 'एस्ताय' नावाची ट्रॉलर तिथंच, खुल्या समुद्रात पकडली आणि तिचं बारीक जाळं जगाला दाखवलं. स्पेन त्याच आंतरराष्ट्रीय कोर्टात गेला, पण १९९८ ला कोर्टाने प्रकरण आपल्या अधिकारात येत नाही म्हणून सोडून दिलं. तेव्हा बाहेरच्यांचा दोष नव्हताच असं मी म्हणत नाही, आणि आमच्या पाण्यात त्या रात्रीच्या होड्या राहिल्या असत्या तर चार वर्षं सुद्धा लागली नसती, हे अण्णा पण मान्य करायचे.

काही ठिकाणी देशाचा हक्क २०० च्या पुढं ३५० मैलांपर्यंत जातो, त्याचं पण तुम्ही विचारलंय, ते राहिलं. ते समुद्राच्या तळाचं आहे, तेल, खनिजं, तळाला चिकटून राहणारे शिंपल्यासारखे जीव. पोहणारा मासा त्यात येत नाही, तो २०० लाच संपतो.