मूकपटात लेखिका लिहायची तरी काय?

प्रश्न : मी वेंगुर्ल्याची, आमच्या हौशी मंडळासाठी एकांकिका लिहिते. लेखनाचं ऑस्कर मिळवणारी पहिली बाई फ्रान्सिस मॅरियन असं वाचलं. पण तिची सुरुवात मूकपटातली, मग संवादच नाहीत तर ती लिहायची काय? आणि आमच्याकडे साठीच्या एक काकू आहेत, काम भारी करतात, पण आजी सोडून रोलच सुचत नाही. मॅरियनकडून काही घेता येईल का?
– एक वाचक, वेंगुर्ला

उत्तर : ताई, तुम्ही लहानपणापासून जत्रेत दशावतार बघितला असणार. तिथे संवाद कुठे लिहिलेले असतात? आख्यान ठरतं, प्रवेश ठरतात, बाकी नट उभ्या उभ्या बोलतो. मूकपटाच्या लेखकाचं काम साधारण त्या ठरवण्याचंच, म्हणजे कुठला प्रसंग कशानंतर, पात्र काय करतं, आणि मधे पडद्यावर येणाऱ्या पाट्या, त्याही कमीत कमी.

मॅरियन १८८८ची, सॅन फ्रान्सिस्कोची. लॉस एंजेलिसला आली ती नाटकांची पोस्टर्स रंगवायला, मग लोइस वेबर या दिग्दर्शिकेकडे उमेदवारी केली आणि मेरी पिकफर्डशी मैत्री जमली. १९१७ साली तिने पिकफर्डसाठी 'द पुअर लिटल रिच गर्ल' लिहिला, चोवीस वर्षांची नटी अकरा वर्षांची पोर झालेली, स्टुडिओवाल्यांना वाटलं पिक्चर पडणार, आणि तो तुफान चालला. बोलपट आल्यावर भलेभले अडखळले पण ही नाही. 'द बिग हाउस' हा तुरुंगाचा पिक्चर लिहायच्या आधी ती सॅन क्वेंटिनच्या तुरुंगात जाऊन सगळं बघून आली, १९३० साली त्यालाच ऑस्कर, आणि दोन वर्षांनी 'द चॅम्प'ला दुसरं. लेखनाची दोन ऑस्कर तिच्याआधी कुणालाच नव्हती, पुरुषालासुद्धा नाही.

पण तुमच्या काकूंसाठी मला सांगायचंय ते मारी ड्रेसलरबद्दल. ही रंगभूमीवरची एकेकाळची मोठी विनोदी नटी, अंगाने थोराड, वय झालेलं, हातात काम नाही. मॅरियनने १९२७ साली मुद्दाम तिच्यासाठी एक पिक्चर लिहिला, तर त्यात आपली टिंगल केली म्हणून आयरिश लोक भडकले आणि कंपनीला तो मागे घ्यावा लागला. दुसरी कुणी असती तर तिथेच सोडून दिलं असतं. मॅरियनने 'अ‍ॅना ख्रिस्ती'त तिला गोदीवरची दारुडी म्हातारी दिली, समोर साक्षात ग्रेटा गार्बो, त्या काळची मोठी तारका! मग १९३०चा 'मिन अँड बिल', त्यात ड्रेसलर बंदरावर खानावळ-लॉज चालवणारी बाई, तोंडाने फटकळ, आणि टाकून दिलेली एक पोर तिने वाढवलेली. साठी ओलांडलेल्या ड्रेसलरला त्याबद्दल उत्तम अभिनेत्रीचं ऑस्कर मिळालं, माझ्या मते मॅरियनच्या स्वतःच्या दोन्हीपेक्षा हे मोठं.

तेव्हा आधी गोष्ट आणि मग काकूंना कुठे बसवू, असं करू नका. काकूंचा आवाज, त्यांची चाल, त्या रागावल्या की काय करतात ते आधी कागदावर उतरवा. त्यांना आजी करायचीच असेल तर कुणाची तरी आजी एवढंच नको, तिचा स्वतःचा धंदा, तिचं भांडण, तिने लपवलेलं काहीतरी असू दे. वेंगुर्ल्याचा धक्का आणि मासळीचा लिलाव तर तुमच्या दारातच आहे, पहिला प्रवेश तिथेच लावून बघा आणि काकूंना पहिली पाच मिनिटं एकही वाक्य देऊ नका.