पाय कुठे होते?

अनेक आशीर्वाद.

तू पाठवलेले मेडिकल कोडिंगच्या सरावाचे दोन्ही चार्ट, म्हणजे पेशंटच्या नोंदींना लावलेले कोड, तपासले. हाडं, जखमा, बाजू डावी की उजवी, हे सगळं नीट लावलंयस. चूक शेवटच्या ओळींत आहे, म्हणजे अपघात कसा झाला हे सांगणाऱ्या कोडमध्ये. ‘रेल्वेची धडक’ असं दिसलं की थेट व्ही०५ (पादचाऱ्याला रेल्वेची धडक) लावायचा, असं झालंय. चार्ट अमेरिकेचे असले तरी वाचताना डोळ्यांसमोर आपलं पाचोरा-भुसावळकडचं फाटक आण, बराच गुंता तिथेच सुटतो. (कोडमधली अक्षरं इथे नागरीत लिहितो, सॉफ्टवेअरमध्ये अर्थातच रोमन टाकायची.)

आधी हे ठरव की धडकेच्या क्षणी माणूस कशात होता. आयसीडी-१०-सीएमच्या, म्हणजे आजार-दुखापतींच्या अमेरिकेतल्या कोडयादीच्या, भाषेत पादचारी म्हणजे त्या क्षणी कुठल्याही वाहनात किंवा वाहनावर नसलेला. तो चालत असलाच पाहिजे असं नाही. प्लॅटफॉर्मच्या कडेला उभा असलेला, रुळावर बसलेला, रूळ तपासणारा गँगमन, हे सगळे पादचारीच. फाटक पडलेलं असताना आपली मंडळी मोटरसायकल तिरकी करून दांड्याखालून काढतात ना? उतरून ढकलत असेल तर पादचारी, सीटवर असेल तर मोटरसायकलस्वार, म्हणजे व्ही२५. सायकलवर असेल तर व्ही१५, कारमध्ये असेल तर व्ही४५. रेल्वेगाडीतून पडला तर व्ही८१.६, चढता-उतरताना लागलं तर व्ही८१.४.

२२ जानेवारी २०२५ ला माहेजी आणि परधाडेच्या मध्ये काय झालं ते तुला ठाऊकच आहे. आगीच्या अफवेने पुष्पक एक्सप्रेसमधले लोक खाली उतरले आणि शेजारच्या रुळावरून आलेल्या कर्नाटक एक्सप्रेसखाली सापडले. त्यांच्या खिशात तिकीट होतं, पण त्या क्षणी ते जमिनीवर होते. कोडच्या हिशेबात ते पादचारी. तिकीट बघायचं नाही, पाय कुठे होते ते बघायचं.

मग जागा. चौथा अंक (‘व्ही’ धरून मोजायचा) रस्त्याचा आहे. धडक सार्वजनिक रस्त्यावर, म्हणजे रस्ता रुळांना छेदतो त्या फाटकावर झाली, तर १. यार्डात किंवा दोन स्टेशनांच्या मध्ये रूळ ओलांडताना झाली, तर ०. नोंदीत यातलं काहीच कळत नसेल तर कोडच्या पुस्तकातला इंडेक्स (अक्षरवार सूची) तुला ९ वर नेतो. पाचवा अंक माणूस कसा होता ते सांगतो: पायी असेल तर ०, रोलर स्केट्सवर १, स्केटबोर्डवर २, व्हीलचेअर किंवा बाबागाडीत असेल तर ९. इथे पाचच जागा भरतात आणि सातव्या जागी उपचाराचा टप्पा सांगणारं ए, डी किंवा एस लागतं, म्हणून सहावी एक्सने भरायची: व्ही०५.००एक्सए. तू व्ही०५.००ए लिहिलंस, तो विम्याचा क्लेम परत येतो. मात्र उभ्याने चालवायच्या ई-स्कूटरला सहावा अंक स्वतःचा आहे, व्ही०५.०३१ए. तिथे एक्स घुसवू नकोस.

सगळ्यात जपून हाताळायची गोष्ट म्हणजे हेतू. ‘पेशंट रुळावर सापडला’ एवढंच लिहिलेलं असतं आणि वरच्या इतिहासात नैराश्याची गोळी दिसते. हात लगेच एक्स८१.१ कडे जातो, म्हणजे स्वतः गाडीपुढे आला असा अर्थ. थांब. नियम स्पष्ट आहे: हेतू लिहिलेला नसेल तर अपघात धरायचा, म्हणजे व्ही०५. वाय३१ हा ‘हेतू ठरवता आला नाही’चा कोड, तोही डॉक्टरने तसं लिहिलं असेल तरच. ‘लिहिलेलं नाही’ आणि ‘ठरवता आलं नाही’ या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, नवखे इथेच अडखळतात. कुणी ढकलल्याची नोंद असेल तर वाय०२.१. शंका असेल तर डॉक्टरांना क्वेरी पाठव, पण ‘पेशंटने उडी मारली का?’ असं विचारायचं नाही, तो प्रश्न उत्तर तोंडात घालतो. ‘नोंदीत हेतूचा उल्लेख नाही; अपघात, स्वतःहून, दुसऱ्याकडून, ठरवता येत नाही, यांपैकी आपलं मत नोंदवावं’ असं लिही. नातेवाईक किंवा पोलीस काय म्हणाले त्यावर तू हेतू ठरवू नकोस.

आता पहिला चार्ट. उजवा पाय गुडघा आणि घोट्याच्या मध्ये तुटलेला, पूर्ण की अर्धवट ते लिहिलेलं नाही. तेव्हा पूर्ण धरायचा: एस८८.१११ए. हा आधी, कारण बाह्य कारणाचा कोड कधीच पहिला येत नाही. मग व्ही०५.००एक्सए, जागा रूळ म्हणून वाय९२.८५ (स्टेशन असतं तर वाय९२.५२२), चालत होता म्हणून वाय९३.०१, आणि फिरायला निघाला होता अशी नोंद आहे म्हणून वाय९९.८. रेल्वेचा कामगार ड्युटीवर असता तर वाय९९.०. हे तिन्ही वाय कोड फक्त पहिल्या भेटीला आणि त्यांना सातवं अक्षर नसतं. माहिती नसेल तर ते सोडून द्यायचे, ‘अनिर्दिष्ट’ टाकून ओळी वाढवायच्या नाहीत.

सातव्या अक्षरातला ए म्हणजे पहिली भेट नव्हे. दुसऱ्या हॉस्पिटलला हलवून तिथे शस्त्रक्रिया झाली तरी ए, कारण मुख्य उपचार चालू आहेत. ते संपून जखम भरायच्या टप्प्यात आली की डी. तिथे झेड४७ सारखा आफ्टरकेअर (उपचारानंतरच्या देखभालीचा) कोड लावायचा नाही, जखमेचाच कोड डीसह द्यायचा. वर्षभराने, तुटून गेलेल्या पायाच्या जागी कळा येतात म्हणून पेशंट आला, तर आधी त्या कळांचा जी५४.६, मग एस८८.१११एस आणि व्ही०५.००एक्सएस; शेवटचा एस म्हणजे जुन्या दुखापतीचा मागे उरलेला परिणाम.

उद्या इथल्या एखाद्या हॉस्पिटलच्या रेकॉर्ड विभागात लागायचं झालं, तर तिथे डब्ल्यूएचओचा (जागतिक आरोग्य संघटनेचा) आयसीडी-१० असतो. व्ही०५.० वर थांबायचं, एक्सए वगैरे काही नाही. मृत्यूचं कारण नोंदवायच्या फॉर्म ४ वर ‘हृदयक्रिया बंद पडली’ एवढंच असेल तर ते मूळ कारण नव्हे. मूळ कारण रेल्वेची धडक, आणि दुखापत कशी झाली हा रकाना रिकामा असेल तर फॉर्म डॉक्टरांकडे परत न्यायचा.

दुसरा चार्ट पुन्हा कर. त्यात ‘क्रॉसिंग’ हा शब्द एकदाच आला आहे. ते फाटक आहे की रूळ ओलांडण्याची क्रिया, ते आधीच्या दोन ओळी वाचून ठरव, आणि चौथा अंक त्यानंतरच लिही.