‘ड्रॅगन एज: ओरिजिन्स’ खेळा, पण जुना सेव्ह उघडू नका

तुम्ही विचारलंय: निवडींवर आणि सोबत्यांशी जुळणाऱ्या नात्यांवर चालणारा डार्क फँटसी गेम कोणता, तोही जुन्या लॅपटॉपवर? आणि निवडींनी खरंच काही बदलतं, की नुसता देखावा?

बायोवेअरचा ‘ड्रॅगन एज: ओरिजिन्स’ घ्या. २००९ चा आहे, जुन्या मशीनवरही चालतो. मी खानापूरचा, पण हा खेळलो बेळगावात, टिळकवाडीच्या खोलीवर, कन्नड बोलणाऱ्या रूममेटसोबत. इंग्रजी दोघांचंही जेमतेम. एकेका संवादावर अर्धा अर्धा तास खल चालायचा.

यात पाप-पुण्याचा एकच काटा नाही. प्रत्येक सोबत्याची मर्जी वेगळी मोजतात, उणे १०० ते अधिक १००. तुम्ही कुणावर दया केली की लेलियाना खूश, मॉरिगन नाक मुरडणार. भेटवस्तू देऊन मर्जी वाढवता येते, पाहुण्यांकडे कुंद्याचा डबा न्यावा तसं. पण दर भेटीगणिक तिचा परिणाम घटतो. (रोज कुंदा कोण खाणार!)

आता फरक पडतो का ते. पुढे गोष्टीतलं थोडं आधीच फुटणार आहे, बरं का.

जादूगारांच्या मनोऱ्यात सैतान शिरलेले. मी घाईत टेम्प्लरांची, म्हणजे जादूगारांवर पहारा ठेवणाऱ्या शिपायांची, बाजू घेतली आणि आतले सगळे जादूगार मारू दिले. काम झटपट उरकलं म्हणून खूश होतो. पुढे रेडक्लिफला गेलो, तर सरदाराच्या लहान मुलाला, कॉनरला, सैतानाने झपाटलेलं. आजारी बाप वाचावा म्हणून पोरानेच सौदा केलेला. त्याला आणि त्याच्या आईला, दोघांनाही वाचवायचं तर मदतीला जादूगार हवेत. ते मी आधीच संपवलेले. उरलं काय, तर पोराला मारा, नाहीतर त्याच्या आईचा बळी द्या. मी पोराला मारलं. तळावर परतलो तर माझा सोबती अ‍ॅलिस्टर, त्याच वाड्यात वाढलेला, माझ्यावर उखडला. रूममेट म्हणाला, “मारायचं नव्हतं की!” जसं काही मला हौस होती.

मधले डीप रोड्स, म्हणजे जमिनीखालचे बोगदे, फार रेंगाळतात, तेवढे सोसा.

खरी ठिणगी सरदारांच्या सभेत पडली. लॉगेन म्हणजे भर लढाईत राजाला सोडून फौज मागे घेणारा सेनापती. त्यात अ‍ॅलिस्टरचा गुरूही गेला. द्वंद्वात हरल्यावर लॉगेनला मारायचं की आपल्यात घ्यायचं, हे तुमच्या हातात. मला वाटलं, एवढा अनुभवी माणूस, कामाला येईल. रूममेट मागून “बेडा, बेडा!” (नको, नको!) ओरडत होता. मी घेतलं. अ‍ॅलिस्टर गट सोडून गेला. पहिल्या तासापासून सोबत असलेला गडी.

जुना सेव्ह, म्हणजे आधीच्या टप्प्यावर जपून ठेवलेला खेळ, होता; उघडला नाही. रूममेट दोन दिवस माझ्याशी धड बोलला नाही. शेवटची लढाई मी एकट्यानेच खेळलो.