लिनक्सवर बीटल पीएसएक्सला बायॉस फाइल सापडत नसेल तर

विंडोजवर व्यवस्थित चालणारे फोल्डर जसेच्या तसे लिनक्सवर आणल्यानंतर रेट्रोआर्क या जुने खेळ चालवणाऱ्या प्रोग्राममधील बीटल पीएसएक्स कोअरला (प्लेस्टेशनची नक्कल करणाऱ्या भागाला) प्लेस्टेशनची बायॉस फाइल, म्हणजे कन्सोल सुरू करणारी मूळ आज्ञावली, सापडत नाही, असे आपण लिहिले आहे. कृपया दुसरी फाइल शोधण्यास निघू नका. आपली फाइल बहुधा योग्यच आहे आणि अडचण तिच्या नावात आहे.

विंडोज लहान व मोठ्या रोमन अक्षरांत भेद करत नाही, लिनक्स मात्र काटेकोरपणे करते. त्यामुळे अमेरिकी खेळांसाठी लागणाऱ्या ‘एससीपीएच५५०१.बिन’ या फाइलचे नाव मोठ्या रोमन अक्षरांत असेल, तर कोअरला ती फाइल सापडेलच असे नाही. संपूर्ण नाव लहान रोमन अक्षरांत, मध्ये जागा किंवा आडवी रेघ न ठेवता लिहावे. जपानी खेळांसाठी नावातील आकडा ५५००, तर युरोपीय खेळांसाठी ५५०२ असतो. माझी स्वतःची एक पूर्ण संध्याकाळ केवळ या अक्षरभेदापायी गेली होती, म्हणून मी हे प्रथम सांगतो.

यानंतर जागा पाहावी. फाइल उपफोल्डरमध्ये नव्हे, थेट ‘सिस्टम’ फोल्डरमध्येच हवी. आणि रेट्रोआर्क फ्लॅटपॅकमधून (लिनक्सवर प्रोग्राम बसवण्याच्या एका पद्धतीने) बसवले असल्यास ते फोल्डर नेहमीच्या ठिकाणी नसते, म्हणून सेटिंग्जमधील ‘डिरेक्टरी’ या भागात दिसणारा मार्गच प्रमाण मानावा. फाइलचा आकार नेमका ५,२४,२८८ बाइट असला पाहिजे. तो कमी भरल्यास फाइल अपुरी आहे किंवा अजून झिपमध्येच आहे, असे समजावे. आकार जुळूनही शंका राहिली, तर टर्मिनलमध्ये ‘एमडी५सम’ ही आज्ञा त्या फाइलवर चालवावी; ती फाइलच्या मजकुरावरून एक ओळखखूण काढून देते. ५५०१ची ओळखखूण ‘४९०एफ६६६’ने सुरू होते.

बायॉसवर सोनीचा स्वामित्वहक्क आहे, त्यामुळे ती आपल्या स्वतःच्या कन्सोलमधून काढलेली असावी, असा माझा आग्रह आहे. संगणकावर प्लेस्टेशनचे खेळ चालवणारा प्रोग्राम विकणाऱ्या कनेक्टिक्स कंपनीविरुद्ध सोनीने केलेल्या खटल्यात अमेरिकेच्या अपील न्यायालयाने २००० साली, बायॉसचे कार्य समजून घेण्यासाठी केलेल्या मधल्या प्रती न्याय्य वापरात मोडतात असे ठरवले. परंतु कनेक्टिक्सने आपल्या उत्पादनात सोनीची बायॉस न देता स्वतः लिहिलेली दिली होती, हे विसरू नये.

आपल्याकडे कन्सोल नसेल, तर पीसीएसएक्स रीआर्म्ड कोअर वापरून पाहावा. त्यात बायॉसची जागा घेणारी पर्यायी व्यवस्था अंगभूत आहे; काही खेळ तिच्यावर अडतात, तरी पुष्कळसे सुरळीत चालतात.