'पॉसी' म्हणजे टोळी नव्हे

प्रश्न असा आहे: सेसिल डेमिलच्या 'द व्हर्जिनियन' (१९१४) या मूकपटाची गोष्ट मराठीत सांगताना 'पॉसी'ला 'टोळी' म्हटलं तर चालेल का?

मुळीच नाही. टोळी दरोडेखोरांची. पॉसी म्हणजे शेरीफने, अमेरिकेतल्या काउंटीच्या (जिल्ह्याच्या) मुख्य पोलीस अधिकाऱ्याने, कायद्याच्या अधिकारात हाक देऊन जमवलेले गावकरी. हाक आली की जावंच लागतं, नकार दिला तर तो गुन्हा. तरी 'शेरीफची टोळी' जिथे तिथे वाचावी लागते. कुणी 'शिबंदी' सुचवतात, तेही चुकीचं. शिबंदी पगारी असते.

मूळ लॅटिन पद 'पोस्से कोमिटाटुस', म्हणजे काउंटीचं बळ. आता हा 'पोस्से' उकला. पोटिस अधिक एस्से! पोटिस म्हणजे समर्थ, आणि तो थेट संस्कृत 'पति'चा सख्खा भाऊ. नवरा हा अर्थ घटकाभर बाजूला ठेवा. सेनापती, सभापती, कुलपती यांतला 'पती' घ्या, ज्याच्या हाती सत्ता तो. एस्सेचं नातं संस्कृत 'अस्' धातूशी, 'अस्ति'मधल्या. म्हणजे पोस्से = 'पती असणे'. घोड्यावर बसलेल्या त्या धुळकट माणसांच्या नावात हे दोन्ही शब्द जिवंत आहेत, याहून सुंदर व्युत्पत्ती मला माहीत नाही.

'शेरीफ' मात्र अरबी 'शरीफ'वरून आलेला नाही, कितीही विद्वानांनी छापलं तरी. जुन्या इंग्रजीतला शायरचा गेरेफा, म्हणजे परगण्याचा कारभारी, तो शेरीफ. मुंबईचे नगरपाल इंग्रजीत शेरीफच.

राहिला चित्रपट. त्यात नायक गुरं चोरल्याबद्दल आपल्याच मित्राला, स्टीव्हला, फासावर चढवतो. ना शेरीफ, ना वॉरंट, ना खटला. ही पॉसीच नव्हे! कथा जिथली, त्या वायोमिंगमध्ये १८९२ साली जॉन्सन काउंटीत बड्या पशुपालकांनी टेक्सासहून भाडोत्री बंदूकवाले आणले. मारायच्या माणसांची यादी त्यांच्याजवळ होती. त्यांनी नेट चँपियन या छोट्या पशुपालकाला ठार केलं. तेव्हा शेरीफ रेड अँगसने पॉसी जमवली आणि त्यांना टीए रँचवर कोंडलं. शेवटी लष्कर आलं म्हणून ते वाचले.

तेव्हा भाषांतरात शेरीफच्या माणसांना 'कुमक' म्हणा. 'टोळी' त्या भाडोत्र्यांसाठी ठेवा.