आधी माणूस ठरवा, मग वाट: सापाच्या डोंगरगावांतल्या मुक्कामाविषयी तुमचे प्रश्न

व्हिएतनामच्या उत्तरेला, चीनच्या सीमेपासून फार दूर नाही अशा होआंग लिएन सोन डोंगररांगेत सापा वसलंय. उंची साधारण दीड हजार मीटर. त्याच्या खाली मुओंग होआ खोरं आणि उतारावर पायऱ्यापायऱ्यांनी उतरत गेलेली भाताची खाचरं. आजूबाजूच्या गावांत काळे ह्मोंग, लाल झाओ, झाय आणि ताय हे समाज राहतात. (पाटीवर ‘दाओ’ लिहिलेलं दिसेल, म्हणताना ‘झाओ’ म्हणतात.) या गावांतून दोन-तीन दिवस चालत जायचं आणि रात्री कुणाच्या तरी घरी मुक्काम करायचा, याविषयी गेल्या काही महिन्यांत बरेच प्रश्न आले. त्यातले काही इथे घेतले आहेत.

प्रश्न: सुट्टी पाचच दिवसांची आहे, त्यातले दोन हनोईत जातील. उरलेल्या वेळात किती गावं होतील?

‘किती गावं’ हा हिशेबच सोडून द्या. तीन दिवस असतील तर दोन रात्री गावात काढा, आणि माझं ऐकाल तर दोन्ही रात्री एकाच घरात. बहुतेक कंपन्या रोज नवं गाव दाखवतात, कारण कागदावर ते भरगच्च दिसतं. पण पहिल्या संध्याकाळी यजमानही अवघडलेले असतात आणि तुम्हीही. जेवण समोर येतं, हसून मान डोलावली जाते, तेवढंच. दुसऱ्या संध्याकाळी मात्र घरातली म्हातारी काही न बोलता तुमच्यासमोर शेंगांची टोपली सरकवते. तिच्या शेजारी बसून त्या सोलायच्या. त्या अर्ध्या तासासाठी मी पुन्हा पुन्हा तिथे जाते.

वाट अशी धरा: पहिल्या दिवशी सापाहून ई लिन हो, लाओ चाय करत ता वान. लाओ चायला ह्मोंग वस्ती आहे आणि ता वानला मुख्यतः झाय. दुसऱ्या दिवशी ओझं घरीच ठेवून झांग ता चायच्या बाजूला फिरून या. तिसऱ्या दिवशी परत. पाय चांगले असतील आणि एक दिवस जास्त असेल तर आणखी खाली बान हो गाठा. तिथे ताय लोकांची खांबांवर उभी लाकडी घरं आहेत आणि हवाही उबदार असते. शहराला अगदी लागून असलेलं कात कात तिकीट काढून बघायचं ठिकाण झालंय. जायचं तर जा, पण गावातला मुक्काम म्हणून ते मोजू नका.

हनोईहून लाओ कायला रात्रीची रेल्वे साधारण आठ तास घेते. तिथून सापा पस्तीसेक किलोमीटर, सगळा घाट. हनोईहून थेट बसने पाच-सहा तास लागतात.

प्रश्न: ‘होमस्टे’ म्हणून बुक केलं आणि निघालं छोटं हॉटेल. बार, रोषणाई, रिसेप्शन. खरं घर ओळखायचं कसं?

ही तक्रार सगळ्यात जास्त येते, आणि ती खरी आहे. ता वानमध्ये ‘होमस्टे’ची पाटी लावलेल्या अनेक इमारती बाहेरून आलेल्या लोकांनी जागा भाड्याने घेऊन चालवलेल्या आहेत. त्यात बेकायदा काही नाही आणि सोयही उत्तम असते, पण तुम्हाला हवं होतं ते घर हे नव्हे.

म्हणून मी नेहमी सांगते, आधी माणूस ठरवा. म्हणजे वाटाडी. सापात वाटाड्याचं काम करणाऱ्यांत ह्मोंग बायका खूप आहेत. त्यातल्या कितीतरी जणी पर्यटकांशी बोलता बोलताच इंग्रजी शिकल्या, शाळेत नाही. तिचं गाव कोणतं ते विचारा. मुक्काम तिच्या घरी, बहिणीकडे की नात्यातल्या कुणाकडे, तेही विचारा. घरात कोण कोण राहतं, स्वयंपाक कोण करतं, जेवायला घरचे बरोबर बसतात का? ज्या घरात माणसं राहतात तिथली उत्तरं लगेच येतात. जिथून उत्तराऐवजी खोल्यांचे फोटो येतात, तिथे थांबा.

पैशांचंही स्पष्ट विचारा: तुम्ही देता त्यातले वाटाडीला किती आणि घरमालकिणीला किती. हा प्रश्न विचारणं उद्धटपणाचं नाही. सापात ह्मोंग बायकांनी स्वतः उभ्या केलेल्या ट्रेकिंग संस्था आहेत, त्या याचं उत्तर मोकळेपणाने देतात. स्वस्तातलं पॅकेज शोधताना एवढं लक्षात ठेवा की कपात बहुतेक वेळा शेवटच्या माणसाच्या वाट्यातूनच होते, आणि शेवटचा माणूस म्हणजे तुमच्यासाठी चूल पेटवणारी बाई.

प्रश्न: आम्ही शाकाहारी आहोत, अंडंही खात नाही. उपाशी राहावं लागेल का?

नाही. पण ‘शाकाहारी’ एवढ्या एका शब्दावर विसंबू नका. व्हिएतनामी भाषेत ‘तोय आन चाय’ म्हणजे मी शाकाहारी आहे. चांद्र महिन्याच्या पहिल्या आणि पंधराव्या दिवशी अनेक बौद्ध लोक मांसमच्छी टाळतात, त्यामुळे हनोईत हा शब्द सगळ्यांना कळतो. डोंगरातल्या ह्मोंग घरात मात्र ही रीत नाही. तिथे पूर्वजांची आणि घरातल्या आत्म्यांची पूजा असते (काही कुटुंबं ख्रिस्ती आहेत) आणि पाहुणा आला की कोंबडी कापणं हा मान असतो. म्हणून आदल्या दिवशीच वाटाडीकडून निरोप धाडा. कोंबडी कापून झाल्यावर नको म्हणणं फार वाईट दिसतं.

खरी गोम चरबीत आहे. भाजी पालेदार दिसते, पण ती परतलेली असते डुकराच्या चरबीत. एकदा मला वाढलेली पालेभाजी मी आनंदाने खात होते. चुलीपाशी पाणी प्यायला गेले तेव्हा शेजारी पांढऱ्या घट्ट चरबीचा डबा उघडा दिसला. मालकिणीची चूक काहीच नव्हती, मी ‘मांस नको’ म्हटलं होतं आणि तिने मांस घातलं नव्हतं. तेव्हापासून मी सापाच्या बाजारातूनच तेलाची छोटी बाटली घेते आणि पोचल्या पोचल्या तिच्या हातात देते. सांगायचं ते असं: खोंग थित (मांस नको), खोंग का (मासे नकोत), खोंग नुओक माम (माशाचा सॉस नको), खोंग म लन (डुकराची चरबी नको). तुम्हाला ‘खोंग चुंग’, म्हणजे अंडं नको, हेही सांगावं लागेल. कागदावर व्हिएतनामीत लिहून घ्या. आणि घरातल्या मोठ्या बाईला ती भाषा वाचता येईलच असं नाही, म्हणून वाटाडीला मोठ्याने वाचून दाखवायला सांगा.

मग ताटात येईल भात, ‘दाउ फू’ म्हणजे टोफू, आणि सूसूच्या वेलाचे कोवळे शेंडे लसणीवर परतलेले. ही भाजी सापाची खासियत. दिवसभर चालून आल्यावर गरम भाताबरोबर ती इतकी चांगली लागते की मी दुसरं काही मागत नाही.

प्रश्न: आई ६३ वर्षांची, गुडघे थोडे दुखतात. तिला न्यावं का? आणि कोणत्या महिन्यात?

जरूर न्या, पण चालायला लावू नका तिथे जिथे रस्ता आहे. ता वानपर्यंत गाडी जाते. आईला गाडीने थेट घरी पोचवा, तुम्ही डोंगरातून उतरा आणि संध्याकाळी भेटा. दुसऱ्या दिवशी खोऱ्याच्या तळातल्या वाटांवरून तिला हवं तेवढंच फिरवा. गुडघ्यांचा शत्रू चढ नाही, ओल्या चिकणमातीचा उतार आहे. सापात रबरी गमबूट भाड्याने मिळतात. पावसाच्या दिवसांत महागड्या ट्रेकिंग शूजपेक्षा तेच बरे.

महिन्यांचं म्हणाल तर मे-जूनमध्ये खाचरांत पाणी भरलेलं असतं आणि लावणी चालू असते. इथे थंडीमुळे वर्षाला भाताचं एकच पीक येतं. ऑगस्टअखेर ते सप्टेंबर पीक पिवळं होतं, मग कापणी. फोटोंत दिसतो तो सोनेरी उतार हाच. पण तो काळ पाऊस-वादळांचाही असतो. सप्टेंबर २०२४ मध्ये यागी वादळानंतर सापा ज्यात येतं त्या लाओ काय प्रांतात दरडी कोसळल्या आणि १० सप्टेंबरला लांग नू या गावावर डोंगरातून चिखल-पाण्याचा लोंढा आला, डझनावारी माणसं गेली. त्यामुळे वाटाडीने ‘आज ही वाट नको’ म्हटलं की वाद घालायचा नाही, पैसे भरले असले तरी.

आईबरोबर जायचं तर मार्च-एप्रिल किंवा ऑक्टोबर-नोव्हेंबर. डिसेंबर ते फेब्रुवारी धुकं इतकं दाट की समोरचा बांध दिसत नाही, पारा कधी शून्याजवळ जातो आणि घरात ऊब फक्त चुलीची. शिवाय तेत, म्हणजे चांद्र नववर्ष, जानेवारीअखेर ते फेब्रुवारीत येतं. त्या दिवसांत बरीच घरं पाहुणे घेत नाहीत.

प्रश्न: निघाल्यापासून तीन बायका बरोबर चालत होत्या. निसरड्या जागी हात दिला, आणि शेवटी ‘आता माझ्याकडून घ्या’ म्हणाल्या. फसवल्यासारखं वाटलं. लहान मुलीही बांगड्या विकत होत्या.

तुम्हाला अवघडल्यासारखं झालं हे समजतं. पण जरा त्यांच्या बाजूने बघा. त्या तीन-चार तास पाठीवर टोपली घेऊन चालल्या, तुम्हाला पडू दिलं नाही, आणि शेवटी आपल्या हातची वस्तू पुढे केली. त्यांच्या दृष्टीने तो सरळ व्यवहार आहे. काही घ्यायचं नसेल तर पहिल्या दहा मिनिटांत, हसून पण स्पष्ट सांगा की मी आज काही घेणार नाही. ‘नंतर बघू’ म्हणू नका. ‘नंतर’ हा शब्द तिथे वचन म्हणून घेतला जातो. आणि हात धरून तीन ओढे ओलांडले असतील तर एक छोटी पिशवी घ्या, घासाघीस न करता.

मुलांच्या बाबतीत मात्र मी कठोर आहे. मुलांकडून काहीही विकत घेऊ नका, चॉकलेट देऊ नका, पैसे देऊ नका. तिथलं प्रशासनही पर्यटकांना हेच सांगतं. पाठीवर धाकटं भावंड बांधलेली सहा-सात वर्षांची मुलगी रात्री नऊला सापाच्या चौकात बसलेली मी पाहिली आहे. ती जितकं जास्त कमावते तितकी शाळेपासून लांब जाते. द्यायचंच असेल तर तिच्या आईकडून घ्या.

प्रश्न: घरात शिरताना-वावरताना काय पाळावं? दारूचा आग्रह होतो म्हणतात.

दाराला हिरव्या डहाळीची जुडी टांगलेली दिसली तर आत जाऊ नका. घरात नुकताच काही विधी झालेला असतो आणि काही दिवस परक्याने उंबरा ओलांडायचा नसतो. ह्मोंग घरात मुख्य दारासमोरच्या भिंतीवर कागद आणि कोंबडीची पिसं चिकटवलेली दिसतील. ते देवघर आहे. तिथे पिशव्या टेकवू नका, फोटो विचारूनच. मधल्या खांबावर ओले कपडे वाळत घालू नका, तोही पवित्र. घरात शीळ घालू नका.

दारू मक्याची किंवा तांदळाची, घरी गाळलेली आणि भलतीच कडक. नको असेल तर पहिल्या पेल्यालाच कपावर हात ठेवा. पहिला घेऊन तिसऱ्याला नाही म्हणणं फार अवघड जातं.

प्रश्न: व्हिसा, पैसे, फानसिपान?

थोडक्यात: ई-व्हिसा सरकारी संकेतस्थळावरून काढा. १५ ऑगस्ट २०२३ पासून तो ९० दिवसांपर्यंत मिळतो, एकदा प्रवेशाला २५ डॉलर, अनेकदा प्रवेशाला ५०. घरमालक तुमचा पासपोर्ट मागेल, कारण मुक्कामाची नोंद पोलिसांकडे करणं त्याला बंधनकारक आहे. रोख डाँग (व्हिएतनामचं चलन) सापातच काढून ठेवा. २० हजारांची आणि ५ लाखांची नोट दोन्ही निळसर असतात, संध्याकाळच्या उजेडात हमखास गफलत होते. दोन्ही वेगवेगळ्या खिशांत ठेवा. फानसिपान हे ३,१४७ मीटरचं शिखर, २०१६ पासून तिथे केबल कार जाते. आकाश स्वच्छ असेल तरच जा.

प्रश्न: ह्मोंग बाईकडून निळं-काळं कापड घेतलं. बॅगेत ठेवलं तर सगळे कपडे निळे झाले. रंग नकली होता का?

उलट. सापाच्या बाजारात यंत्रावर छापलेलं कापड ढिगाने मिळतं, त्याचा रंग सहसा असा जात नाही. तुमचं बहुधा खऱ्या निळीत रंगवलेलं आहे. निळीचा पाला काही दिवस पाण्यात भिजवतात, चुना घालून घुसळतात, तळाशी गडद लगदा बसतो. तो राखेच्या पाण्यात आणि थोड्या तांदळाच्या दारूत मुरवतात. मग कापड बुडवायचं, वाळवायचं, पुन्हा बुडवायचं, असं कित्येक दिवस. काळ्याच्या जवळ जाणारा रंग हवा तर आठवडे लागतात. शेवटी कापड लाकडी रुळावर पसरून वर जड सपाट दगड ठेवतात आणि बाई त्या दगडावर उभी राहून डावा-उजवा पाय टाकत झुलते. कापडाला चामड्यासारखी चकाकी येते ती त्यातून. तुमच्याशी हात मिळवताना तिचे हात मनगटापर्यंत निळे दिसले असतील, तोच हा रंग.

ते कापड वेगळं काढा. थंड पाण्यात, साबणाशिवाय, पाणी स्वच्छ येईपर्यंत तीन-चार वेळा खळबळा. पिळू नका, सावलीत वाळवा. चकाकी टिकवायची असेल तर त्यानंतर शक्यतो धुऊच नका, वारा द्या आणि दमट हातांनी घडी घालू नका.